पन्नास लाखांचं गृहकर्ज शेवटी केवढ्याला पडतं?

एप्रिल २०२३ मधला रविवार. माझा मामेभाऊ वाकडहून आला तो थेट स्वयंपाकघरात, आणि ओट्यापाशीच मोबाईल माझ्यापुढे धरून म्हणाला, "ताई, हे जरा बघ ना. यात काहीतरी चुकलंय."

त्याच्या गृहकर्जाचं स्टेटमेंट होतं. मे २०२१ मध्ये त्याने ५० लाख घेतले होते, २० वर्षांसाठी, ६.७५ टक्क्यांनी. हप्ता ३८,०१८ रुपये. बावीस हप्ते एकही न चुकता भरले होते, म्हणजे उरायला हवे होते २१८. स्टेटमेंटवर उरलेले हप्ते दिसत होते ३३८, आणि हप्ता झाला होता ४०,२४४. बावीस महिन्यांत त्याच्या खात्यातून साधारण ८ लाख ३६ हजार गेले होते. कर्ज उतरलं होतं १ लाख ६९ हजारांनी.

मी हिशेबाचं काम करते, असे आकडे रोज डोळ्यांखालून जातात. पण त्याचा चेहरा बघून जाणवलं, की आपण घर घेताना फरशीपासून पार्किंगपर्यंत सगळं विचारतो, आणि आयुष्यातल्या सगळ्यात मोठ्या खर्चाबद्दल एकच प्रश्न विचारतो: हप्ता किती बसेल? स्टेटमेंटमध्ये चूक काहीच नव्हती. गणित बरोबर होतं, फक्त ते त्याला कुणी समजावून सांगितलं नव्हतं. ते मी इथे सांगते.

आधी साधं उदाहरण घेऊ. ५० लाख कर्ज, ८.५ टक्के व्याज, २० वर्षं. हप्ता येतो ४३,३९१ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज होते १ कोटी ४ लाख १४ हजार. म्हणजे ५० लाख मुद्दल आणि ५४ लाखांवर व्याज. घेतलं तेवढं परत केलंच, वर तेवढंच पुन्हा दिलं आणि त्याहून चार लाख जास्त.

हे कसं होतं, ते पहिल्याच हप्त्यात दिसतं. वर्षाला ८.५ टक्के म्हणजे महिन्याला त्याचा बारावा भाग. ५० लाखांवर पहिल्या महिन्याचं व्याज होतं ३५,४१७ रुपये. हप्ता ४३,३९१. व्याज वळतं करून उरतात ७,९७४ रुपये, आणि तेवढंच कर्ज कमी होतं. दुसऱ्या महिन्यात व्याज लागतं ते ४९,९२,०२६ रुपयांवर, म्हणून ते ५६ रुपयांनी कमी होतं आणि मुद्दलात ५६ रुपये जास्त जातात. मुंगीच्या पावलांनी हे चालू राहतं.

"बँक आधी व्याज काढून घेते आणि मुद्दल मागे ठेवते" असं बरेच लोक चिडून म्हणतात. तसं नसतं. बँक दर महिन्याला फक्त तेव्हा शिल्लक असलेल्या रकमेवर व्याज लावते. सुरुवातीला शिल्लक मोठी असते म्हणून व्याज मोठं, एवढंच. हा फरक नीट समजून घ्यायला हवा, कारण शिल्लक तुम्ही कधीही कमी करू शकता, आणि ती कमी झाली की पुढचं सगळं व्याज त्याच महिन्यापासून खाली येतं.

याच कर्जाचे पुढचे टप्पे बघा. पाच वर्षांत तुम्ही २६ लाख भरलेले असता आणि कर्ज शिल्लक असतं ४४ लाख. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो १४३ व्या महिन्यात, म्हणजे बारा वर्षं होत आल्यावर. आणि निम्मं कर्ज, म्हणजे २५ लाख, फिटायला लागतात जवळजवळ चौदा वर्षं. सातव्या-आठव्या वर्षी घर विकायची वेळ आली आणि बँकेचा शिल्लक आकडा बघून माणूस हबकला, तर त्याचं कारण हे असतं.

आता मुदतीकडे या, कारण खरा पैसा तिथे जातो. तेच ५० लाख, तोच ८.५ टक्के दर. १५ वर्षांसाठी घेतलं तर हप्ता ४९,२३७ आणि एकूण व्याज ३८ लाख ६३ हजार. २० वर्षांना व्याज ५४ लाख १४ हजार. ३० वर्षांना हप्ता ३८,४४६ आणि व्याज ८८ लाख ४० हजार.

वीस आणि तीस वर्षांच्या हप्त्यात फरक आहे महिन्याला ४,९४५ रुपयांचा. साईटवरच्या ऑफिसात "हप्ता जड वाटतोय का? मग मुदत वाढवू, पाच हजार कमी होतील" हे वाक्य सहज बोललं जातं. त्या पाच हजारांची किंमत आहे ३४ लाखांहून जास्त व्याज. ज्यांचं उत्पन्न खरोखरच तेवढं आहे त्यांना लांब मुदत घ्यावीच लागते, आणि त्यात चूक काही नाही. पण पगार पुढे वाढणार असेल, तर वाढलेल्या पगारातून हप्ता वाढवायचा हे कर्ज घेतानाच मनाशी पक्कं हवं.

आता मामेभावाच्या ३३८ हप्त्यांकडे वळू.

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवीन फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या, गृहकर्जाचा दर बाहेरच्या मापदंडाला जोडावा लागतो, आणि बहुतेक बँकांनी तो रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते त्याला, जोडलाय. रेपो अधिक बँकेचा स्वतःचा वाढीव वाटा, ज्याला स्प्रेड म्हणतात, असा तुमचा दर ठरतो. तीन महिन्यांतून एकदा तरी तो नव्याने बसवला जातो. करोनाच्या काळात रेपो ४ टक्क्यांवर होता. ४ मे २०२२ पासून तो चढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० टक्क्यांवर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. मामेभावाचा दर ६.७५ वरून ९.२५ वर आला.

दर वाढला की बँकेपुढे दोन रस्ते असतात: हप्ता वाढवायचा किंवा मुदत. हप्ता वाढला की ग्राहक तक्रार घेऊन येतो, मुदत वाढली तर त्याला कळतही नाही. म्हणून बँका मुदत वाढवतात. पण अडीच टक्क्यांची वाढ मुदतीत सामावणारी नव्हती. त्याच्या ४८ लाख ३१ हजारांच्या शिल्लक कर्जावर ९.२५ टक्क्यांनी महिन्याचं व्याजच होत होतं ३७,२४१ रुपये. हप्ता ३८,०१८. मुद्दलात जायला उरले ७७७ रुपये! त्याच हप्त्यावर कर्ज फेडायचं म्हटलं तर ५०७ महिने लागले असते, म्हणजे बेचाळीस वर्षं. त्याच्या बँकेच्या नियमात एकूण मुदत तीस वर्षांच्या पुढे जात नव्हती. मग तिने मुदत तीस वर्षांपर्यंत ताणली आणि उरलेल्या फरकासाठी हप्ता २,२२६ रुपयांनी वाढवला. त्याला एक एसएमएस आला होता, "आपल्या कर्जाचा व्याजदर बदलला आहे" एवढाच. मुदत दहा वर्षांनी वाढल्याचं त्यात नव्हतं.

आम्ही जेवणाच्या टेबलावर बसून दोन्ही हिशेब वहीत मांडले. ४०,२४४ चे ३३८ हप्ते म्हणजे १ कोटी ३६ लाख. मूळ मुदतीतच संपवायचं तर हप्ता हवा ४५,८३५ चा, त्याचे २१८ हप्ते, एकूण ९९ लाख ९२ हजार. फरक ३६ लाखांचा. दर पुढे बदलणार हे धरूनही एवढा मोठा फरक नजरेआड करण्यासारखा नव्हता. वहिनीने त्या आकड्याखाली पेनाने दोनदा रेघ मारली. मंगळवारी दोघं शाखेत गेले आणि हप्ता वाढवून मुदत पूर्ववत करण्याचा अर्ज देऊन पोच घेऊन आले.

त्याच वर्षी १८ ऑगस्टला रिझर्व्ह बँकेने या बाबतीत परिपत्रक काढलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की थोडं थोडं दोन्ही, हे ग्राहकाला विचारलं पाहिजे. मुदतीच्या मध्ये कधीही थोडी किंवा सगळी रक्कम भरायची मुभा पाहिजे. आणि हप्ता व्याजालाही पुरत नाही, उलट कर्ज वाढत जातं, अशी वेळ येऊ द्यायची नाही. हा तुमचा हक्क आहे, पण बँक आपणहून दाराशी येऊन विचारेल याची वाट बघू नका. तिमाहीतून एकदा स्टेटमेंट उघडा आणि हप्त्याच्या रकमेआधी उरलेल्या हप्त्यांची संख्या बघा.

दर उतरतात तेव्हा हेच उलट्या बाजूने लागू होतं. २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून वर्षअखेरीपर्यंत ५.२५ वर आला. अशा वेळी हप्ता कमी करून मिळत असेल तरी घेऊ नका, जुनाच हप्ता चालू ठेवायला सांगा. घराला त्या हप्त्याची सवय झालेली असते, आणि दर उतरल्याचा सगळा फायदा मुदत कमी होण्यात जातो.

स्प्रेडबद्दल एक गोष्ट जुन्या ग्राहकांना कुणी सांगत नाही. नवे ग्राहक मिळवायला बँका स्प्रेड कमी करतात, पण तुमच्या करारात लिहिलेला स्प्रेड आहे तोच राहतो. त्यामुळे तुम्ही ८.५ भरत असताना त्याच बँकेत शेजारच्याला ८ टक्क्यांनी कर्ज मिळालेलं असू शकतं. अर्धा टक्का ऐकायला किरकोळ वाटतो. ५० लाखांवर २० वर्षांत तो ३ लाख ७७ हजार होतो. शाखेत जाऊन "आजच्या दरावर आणून द्या" असा लेखी अर्ज करावा. थोडी फी घेतात, ती परवडते. नाहीच ऐकलं तर कर्ज दुसऱ्या बँकेत नेता येतं, पण तिथे प्रोसेसिंग फी, वकिलाची फी, तारणाच्या दस्तावर पुन्हा मुद्रांक शुल्क हे सगळं धरून हिशेब करायचा. पहिल्या सात-आठ वर्षांत हे फायद्याचं ठरतं, शेवटच्या काही वर्षांत वाचायला व्याजच फारसं उरलेलं नसतं. ज्यांचं कर्ज बँकेऐवजी हाउसिंग फायनान्स कंपनीचं आहे त्यांनी तर जास्तच लक्ष ठेवावं. त्यांना रेपोला जोडण्याची सक्ती नाही, दर त्यांच्या स्वतःच्या मापदंडावर चालतो, आणि रेपो उतरला म्हणजे तोही आपोआप उतरेलच असं नाही.

कर्ज हातात पडण्याआधीचा खर्च वेगळाच. समजा पुण्यात ६५ लाखांचा करारनामा आहे. बँक ३० ते ७५ लाखांच्या कर्जात घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त ८० टक्के देते, आणि त्या किमतीत मुद्रांक शुल्क आणि नोंदणीचा खर्च धरत नाही. कर्ज आपल्या उदाहरणातलं ५० लाखांचंच धरलं, तर १५ लाख तुमचे. मुद्रांक शुल्क पुण्यात सगळे अधिभार धरून ७ टक्के, म्हणजे ४ लाख ५५ हजार. घर फक्त स्त्रीच्या नावे असेल तर एक टक्का सवलत, त्यात ६५ हजार वाचतात. नोंदणी ३० हजार. इमारत बांधून झालेली नसेल तर ५ टक्के जीएसटी, सव्वातीन लाख. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या घरावर जीएसटी नाही. ही बेरीज २३ लाखांच्या पुढे जाते, आणि यातले पाच-सात लाख कमी पडले की लोक पर्सनल लोन काढतात, ज्याचं व्याज गृहकर्जाहून बरंच जास्त असतं. ते पर्सनल लोनही घराच्याच किमतीत धरायचं.

मंजुरीपत्रासोबत बऱ्याचदा एक विमा येतो. कर्जदाराचं बरंवाईट झालं तर कर्ज विम्यातून फिटावं हा हेतू चांगला आहे, आणि विमा असावाच, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. अडचण आहे ती हप्ता भरण्याच्या पद्धतीत. दीड लाखांचा एकरकमी हप्ता "तुम्हाला आत्ता द्यावा लागणार नाही" म्हणत कर्जातच मिसळला जातो, आणि मग त्या दीड लाखावरही वीस वर्षं व्याज चालतं. ८.५ टक्क्यांनी ते होतात ३ लाख १२ हजार. कर्जासाठी त्याच बँकेचा विमा घेण्याची सक्ती नाही. साधा टर्म इन्शुरन्स वेगळा घ्या, त्याचा हप्ता वर्षाला स्वतःच्या खिशातून भरा.

१ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' नावाचा कागद द्यावा लागतो. त्यात सगळे आकार धरून वर्षाचा खरा दर किती पडतो तो एका आकड्यात असतो, त्याला एपीआर म्हणतात. जाहिरातीतला दर बाजूला ठेवा आणि दोन बँकांचे हे दोन आकडे शेजारी ठेवून बघा.

बांधकाम चालू असलेल्या घरात आणखी एक खर्च असतो, तो फारसा कुणाच्या हिशेबात नसतो. बँक पैसे स्लॅबप्रमाणे, म्हणजे बांधकाम पुढे सरकेल तसे, देते आणि तोवर तुम्ही फक्त दिलेल्या रकमेवरचं व्याज भरता, ज्याला प्री-ईएमआय म्हणतात. ताबा मिळेपर्यंत तीन वर्षं गेली आणि त्या काळात सरासरी २५ लाख उचललेले असले, तर ६ लाख ३७ हजार व्याज जातं आणि मुद्दल एक रुपयाने हलत नाही. वर राहत्या घराचं भाडं चालूच. जमत असेल तर पहिल्यापासून पूर्ण हप्ता सुरू करायला सांगा. ताबा करारातल्या तारखेच्या पुढे गेला तर महारेराकडे, म्हणजे बिल्डरांवर देखरेख करणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाकडे, विलंबाचं व्याज मागता येतं, स्टेट बँकेचा सर्वोच्च एमसीएलआर (बँकेने स्वतःच्या खर्चावरून ठरवलेला कर्जाचा पायाभूत दर) अधिक २ टक्के या दराने. त्यासाठी करारनाम्यात ताब्याची तारीख स्पष्ट लिहिलेली आहे ना, हे सहीच्या आधी बघायचं.

"व्याजावर कर वाचतो ना" हे मी दर मार्चमध्ये ऐकते. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त २ लाखांची वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षीचं व्याज ४ लाख २१ हजार आहे. ३० टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचा कर त्यातून वाचतो ६२,४०० रुपये, बाकी तीन लाख साठ हजारांच्या आसपास खिशातूनच जातात. नव्या करपद्धतीत राहत्या घरावर ही वजावट नाहीच. कर वाचवायला कर्ज लांबवणाऱ्या माणसाला मी दरवेळी हे आकडे कागदावर लिहून देते.

एक बाजू मात्र प्रामाणिकपणे सांगायला हवी, नाहीतर एक कोटी चार लाखांचा आकडा विनाकारण भीती घालेल. आजचे ४३ हजार आणि वीस वर्षांनंतरचे ४३ हजार सारखे नसतात. महागाई वर्षाला ६ टक्के धरली, तर त्या सगळ्या हप्त्यांचं आजच्या रुपयांतलं मोल होतं साधारण साडेसाठ लाख. १९९० च्या दशकात ज्यांना तीन-चार हजारांचा हप्ता जड जात होता, त्यांना शेवटच्या वर्षांत तो जाणवतही नव्हता. शिवाय वाचलेलं भाडं असतं, आणि ज्या घरातून कुणी 'खाली करा' म्हणणार नाही त्या घरातली झोप असते. म्हणून कर्ज घेऊ नका असं मी कुणालाही सांगत नाही. किंमत पूर्ण कळून घ्या, एवढंच म्हणते.

किंमत खाली आणायचा सगळ्यात सोपा रस्ता म्हणजे मधूनमधून मुद्दलात पैसे टाकणं. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून यासाठी दंड घेता येत नाही. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाच्या अखेरीस १ लाख जास्तीचे भरले, तर अकरा हप्ते कमी होतात आणि ३ लाख ८२ हजार व्याज वाचतं. तेच १ लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर वाचतात साधारण ५१ हजार. रक्कम तीच, फरक फक्त कधी भरली याचा. दर वर्षी एक हप्ता जास्तीचा भरत गेलात, म्हणजे बोनसमधून ४३,३९१ रुपये, तर वीस वर्षांचं कर्ज सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि दहा लाखांवर व्याज वाचतं.

फक्त दोन गोष्टी सांभाळायच्या. सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते यांची रक्कम आधी बाजूला हवी, कारण कर्जात टाकलेला पैसा नोकरी गेल्यावर परत मागता येत नाही. ज्यांना ती धास्ती आहे त्यांनी ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज विचारावं. त्यात जास्तीचे पैसे खात्यात ठेवले की व्याज कमी लागतं आणि गरज पडली की ते काढता येतात. दर बहुधा किंचित जास्त असतो. दुसरं, जास्तीची रक्कम भरताना अर्जावर "हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करावी" असं स्पष्ट लिहा. हे लिहिलं नाही तर काही ठिकाणी हप्ता कमी करून मुदत तशीच ठेवतात, आणि व्याजातली मोठी बचत हातची जाते.

कर्ज फिटल्यावरही एक काम राहतं. १ डिसेंबर २०२३ पासूनच्या नियमाप्रमाणे पूर्ण फेड झाल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत द्यावी लागतात, आणि बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. कर्ज देताना बँकेने कोणकोणते कागद जमा करून घेतले त्याची यादी मंजुरीपत्रासोबतच जपून ठेवा, म्हणजे वीस वर्षांनी करारनामा, नोंदणीची पावती, इंडेक्स टू (नोंदणी झालेल्या दस्ताचा सरकारी उतारा) एकेक करून तपासून घेता येईल. सोसायटीच्या दफ्तरात तुमच्या फ्लॅटवर बँकेच्या बोजाची नोंद असते. 'नो ड्यूज' पत्राची प्रत सेक्रेटरींकडे देऊन ती नोंद काढायला सांगा आणि पोच घ्या.